चार कळसांचा नकाशा

शिवहार कुठल्याही गावात गेला, की आधी तिथल्या देवाला फेरी घालणार आणि मगच कुणाच्या तरी ओट्यावर टेकून पाणी मागणार. गळ्यात तुळशीची माळ, खांद्याला झोळी, झोळीत टाळ. सप्ताह कुठल्याही गावचा असो, उभ्या टाळकऱ्यांच्या रांगेत हा असायचाच. कीर्तनकार महाराजांनी चाल धरली, मृदंगावर थाप पडली, की ह्याचे डोळे आपोआप मिटायचे आणि पाय जमीन सोडल्यासारखे हलके व्हायचे. बायको म्हणायची, संसारात एवढा जीव घातला असता तर माडी झाली असती. शिवहार हसायचा. माडी बांधून तिच्यावर कीर्तन थोडंच होणार होतं?

पोटापाण्याला मात्र तो मोजणीचा माणूस. तरुणपणी कालव्यांच्या मोजणीवर त्यानं उन्हाळेच्या उन्हाळे आकडे रंगवलेली ती उंच पट्टी धरून काढले होते. दुर्बिणीच्या यंत्राला डोळा लावून बसायचे ते दगडोबाकाका. शिवहार लांब शेताच्या बांधावर पट्टी घेऊन उभा. काकांनी हात डावीकडं हलवला की ह्यानं डावीकडं सरकायचं, उजवीकडं हलवला की उजवीकडं. वर्षानुवर्षं त्या हाताच्या खुणांवर चाललेला माणूस. कीर्तनातल्या महाराजांच्या खालोखाल त्याची कुणावर श्रद्धा असेल, तर ती दगडोबाकाकांवर.

दोन हजार सात साल उजाडलं तोवर दुर्बिणीचं यंत्र गेलं, पट्टी गेली, आणि शिवहारच्या हातात तळव्यात मावेल एवढं जीपीएस आलं. उघड्यावर धरलं, की आभाळातल्या उपग्रहांशी बोलून आपण पृथ्वीवर नेमके कुठं उभे आहोत ते सांगणारं. हिंगोलीत हळदीच्या आडतीच्या वरच्या मजल्यावर नरसिंग इंजिनिअरचं छोटंसं ऑफिस होतं, तिथं तो कामाला. खाली हळदीची पोती उतरायला लागली की वर कीबोर्डवर पिवळी पूड बसायची, आणि करुणा ती रोज सकाळी फुंकून काढायची. करुणा म्हणजे ऑफिसातली ड्राफ्ट्समन. आयटीआय करून आलेली, जुन्या नकाशांची एकेक रेघ कॉम्प्युटरवर चढवणारी. तिच्या टेबलावर बुद्धाची बोटभर मूर्ती असायची. लाईट गेली की ती मूर्तीकडं बघून म्हणायची, आता तुम्ही शांत बसा आणि मीही बसते.

त्या साली ऑफिसाकडं एक काम आलं. पूर्णेच्या कालव्यातून निघालेल्या एका चारीचे, म्हणजे शेताशेतात पाणी नेणाऱ्या लहान कालव्याचे नकाशे होते. मूळ मोजणी दगडोबाकाकांची. पुढं ते करुणानं कॅडमध्ये, म्हणजे नकाशे काढायच्या प्रोग्राममध्ये काढलेले होते, सुबक, काटेकोर. चारी निळी, रस्ता तांबडा, शेताच्या हद्दी हिरव्या, प्रत्येक गोष्ट आपापल्या थरावर. पण त्या नकाशाला आपण जगात कुठं आहोत याचा पत्ता नव्हता. काकांनी चारीच्या तोंडाशी एक दगड रोवला होता, त्याला हजार-हजार असा आकडा मानला होता आणि तिथून सगळं मोजलं होतं. त्या दगडापुरतं सगळं बराबर. दगडाच्या पलीकडं दुनिया आहे की नाही, कागदाला मालूम नाही. आता वरून मागणी आली, की हेच नकाशे खऱ्या अक्षांश-रेखांशावर बसवून शेप फाईलमध्ये द्या, म्हणजे दुसऱ्या कुठल्याही नकाशावर ठेवले तरी ते आपल्या जागी पडतील.

करुणानं तिच्या बाजूचं काम हौसेनं केलं. कॅडमध्ये डोळ्याला बंद दिसणाऱ्या कितीतरी हद्दी कोपऱ्यात केसभर उघड्या होत्या. तिनं एकेक सांधली, कारण तोंड उघडं राहिलेल्या शेताला नवी फाईल शेत म्हणायलाच तयार नव्हती. विहिरींचे ठिपके वेगळे काढले, चारीच्या रेषा वेगळ्या, शेतं वेगळी. उरली एकच गोष्ट. नकाशावरच्या चार ठळक जागा घ्यायच्या, त्याच जागा प्रत्यक्ष जमिनीवर गाठून जीपीएसचे आकडे आणायचे, आणि त्या चार खुंट्यांवर सगळा नकाशा ताणून बसवायचा.

त्या चार जागा कुठल्या, तर चार कळस. जुनी मोजणी करताना लांबून दिसेल असं काहीतरी दुर्बिणीत धरावं लागायचं, आणि रानात कळसाइतकं लांबून काय दिसतं? काकांनी दोन मारुतीच्या देवळांचे कळस धरले होते, एका पीरसाहेबांच्या दर्ग्याचा धरला होता, आणि चौथा उंबरेश्वराच्या टेकडीवरच्या महादेवाचा. चार बाजूंना चार, आणि मध्ये सगळी चारी.

आता कळसावर चढून मशीन कोण धरणार? आणि गाभाऱ्यात नेलं तर दगडी छताखाली मशीनला आभाळ दिसत नाही. पहिल्या मारुतीपाशी शिवहार ह्याच विचारात होता. विचार करता करता सवयीनं त्यानं चपला काढल्या, चालू मशीन झोळीच्या वरच्या कप्प्यात टाकलं आणि मारुतीला फेऱ्या घालायला लागला. मशीनवर सरासरी घ्यायचं बटण दाबलेलंच होतं. फेऱ्या झाल्यावर पाहतो तर मशीननं सगळ्या वाटेची सरासरी काढून एकच बिंदू दिला होता. ऑफिसात नरसिंगनं तो पाहिला आणि खूश झाला. गोलाभोवती चाललेल्या माणसाची सरासरी गोलाच्या मध्यातच येणार, आणि मध्यावर कळस. मग ठरलंच तसं, की शिवहारभाऊंनी चारही ठिकाणी फेऱ्याच घालायच्या. शिवहारला तर देवानं नोकरीतच पुण्य मिसळून दिल्यासारखं झालं. दर्ग्यावर त्यानं मुजावराची परवानगी घेतली, डोक्याला रुमाल बांधला आणि तिथंही मनोभावे फेऱ्या घातल्या.

चारही आकडे आले. करुणानं ते भरले, बटण दाबलं, आणि नकाशा काही बसेना.

बसेना म्हणजे चारही खुंट्यांवर दहा-अकरा मीटरचा फरक दाखवायला लागला. पाचापर्यंत चाललं असतं. करुणानं शिवहारला समजावून सांगितलं, की सप्ताहाच्या मांडवाचं कापड चार खांबांना बांधतात ना, त्यातला एक खांब चुकीच्या जागी रोवला तर कापड सगळीकडूनच ताणतं आणि कुठला खांब चुकला ते कापडाकडं बघून कळत नाही, तसंच झालंय. का मग कापडच वाकडं शिवलंय, तेही सांगता येत नाही.

कापड म्हणजे दगडोबाकाकांचा नकाशा. तो वाकडा, हे शिवहारला कसं पटणार? तो दुसऱ्या दिवशी पुन्हा निघाला. चारही ठिकाणी नव्यानं फेऱ्या घातल्या, अगदी पहिल्यासारख्या, सावकाश. आकडे आणले तर ते पहिल्या आकड्यांना जुळणारे. फरक तेवढाच. आणि तिथंच गोष्ट काकांच्या अंगावर गेली. नरसिंग माणूस चांगला, कळमनुरीकडच्या तांड्यातून शिकून वर आलेला, कुणाचं मन मोडणारा नव्हे. पण हिशेब त्याला चुकवता येईना. दोनदा घेतलेले आकडे एकसारखे आले, म्हणजे मशीन खरं बोलतंय. मग चूक मूळ मोजणीतच असणार. त्यानं शिवहारला बसवून शांतपणे सांगितलं, की पुढच्या आठवड्यात काम द्यायचंय. तोवर नाही जमलं तर मूळ मोजणी भरवशाची नाही असं लिहून द्यावं लागेल. मग बाहेरची पार्टी येऊन सगळी चारी नव्यानं मोजेल आणि जुने कागद रद्द होतील.

संध्याकाळी शिवहार काकांच्या घरी गेला. दगडोबाकाकांची नजर आता अधू झाली होती, पण पाय पोटाशी घेऊन बाजेवर बसायची ऐट तीच. त्यांना रोज एकच उत्सुकता, की आपला कागद उपग्रहाच्या हिशेबात कसा उतरतो. आज शिवहारला खोटं बोलता आलं नाही. सगळं सांगितलं. काकांनी बोटांनी बाजेचा सुंभ चाचपला. मग म्हणाले,

"मग माझंच चुकलं असंल, शिव्या. लिहून टाका म्हणावं. त्यात काय एवढं."

आत चहा गाळता गाळता त्यांची बायको पंचफुलाबाई थांबली. "मह्या भाकरीचा गोल एका अंगाला जरा लांबला तरी सांगायचे हे. जल्मभर सांगून राहिले. आन आता म्हनं माझं चुकलं."

"तुझी भाकर लांबतच होती," काका म्हणाले.

पण त्यात नेहमीची धार नव्हती. शिवहारला ते फार लागलं. काका भांडले असते, नरसिंगला चार शिव्या दिल्या असत्या, तर त्याला बरं वाटलं असतं. त्यांनी इतक्या सहज हार मानावी, हे त्याच्या जिवाला सोसेना. यात चूक आपलीच निघो, असं त्यानं देवाकडं मागितलं. माणूस देवाकडं काय काय मागतो. पण स्वतःची चूक मागून घेणारा विरळाच.

गल्लीतल्या मारुतीपाशी तेव्हा हरिपाठ चालू होता. तो टाळ घेऊन उभा राहिला खरा, पण मन कळसांवर. एका ठिकाणी सगळ्यांचा टाळ पडला आणि ह्याचा मागून पडला. मृदंग्यानं मान वळवून पाहिलं. शिवहारच्या बाबतीत असं कुणी कधी ऐकलं नव्हतं.

सकाळी तो ऑफिसात गेला तो थेट करुणापुढं जाऊन उभा राहिला. म्हणाला, माझंच कुठंतरी चुकलंय, तेवढं शोधून दे माय. करुणाला त्याची तळमळ दिसत होती. तिलाही तो नकाशा परका नव्हता. काकांची एकेक रेघ तिनं आपल्या हातानं चढवली होती आणि कुठंही गबाळेपणा तिला सापडला नव्हता. ती म्हणाली, चारही ठिकाणी काय काय केलं ते जसंच्या तसं सांगा. शिवहारला सांगता येईना. तो म्हणाला, सांगून काय होतंय, करूनच दाखवतो.

त्यानं खोलीच्या मधोमध एक खुर्ची ठेवली. हा मारुती. आणि चपला काढल्या.

"मामा, खुर्ची हाय ती," करुणा म्हणाली.

"मारुती म्हनलं ना एकदा," शिवहार म्हणाला.

त्यानं झोळी खांद्याला लावली, मशीन तिच्यात टाकलं आणि खुर्चीला पुरा फेरा घातला. करुणानं मान डोलावली. मग म्हणाला, हा दर्गा. रुमाल बांधला, पुरा फेरा. दुसरा मारुती, पुरा फेरा. आणि आता हा उंबरेश्वर, दार पूर्वेला धरा. तो दारापासून निघाला, दक्षिणेच्या अंगानं गेला, मागून पश्चिमेनं वळला, उत्तरेला आला, खिडकीसमोर थांबून हात जोडले, आणि उलटा फिरून आल्या वाटेनं पुन्हा दाराशी आला. पुन्हा निघाला, पुन्हा खिडकीपाशी थांबला, पुन्हा मागं.

करुणा उठून उभी राहिली.

"मामा, तिथून मागं काहून फिरलात?"

"पन्हाळ हाय ना," शिवहार म्हणाला.

"कुठंय पन्हाळ?"

शिवहारनं खुर्ची आणि खिडकी यांच्यामधल्या फरशीकडं बोट केलं. हिला एवढंही ठाऊक नाही याचं त्याला नवल वाटलं, आणि मग लगेच कळलं, की हिनं ते ठाऊक असावं तरी कशावरून? त्यानं समजावलं. महादेवावर अभिषेक होतो, ते पाणी उत्तरेच्या बाजूनं पन्हाळीतून बाहेर पडतं. ते तीर्थ, ते ओलांडायचं नाही. म्हणून महादेवाला पुरी प्रदक्षिणा नसते. पन्हाळीपर्यंत जायचं आणि माघारी यायचं. उंबरेश्वराला तर वर देवळामागं कडाच आहे, म्हणून लोक सगळ्या टेकडीलाच खालून फेरी घालतात, आणि वरची पन्हाळ दगडी पाटानं उतरून खाली कुंडात येते. त्या पाटापर्यंत जायचं, हात जोडायचे, फिरायचं.

"आन मशीन?"

"मशीन झोळीत. त्यानं तरी कसं ओलांडावं? माझ्याबराबरच माघारी आलं."

करुणा एकदम खाली बसली आणि तोंडावर हात धरून हसायला लागली. नरसिंग आतून आला. तिनं स्क्रीनवर एक मोठा गोल काढला, ईशान्येचा पाव भाग पुसून टाकला आणि उरलेल्या वाटेचा मध्य काढून दाखवला. तो गोलाच्या मध्यावर नव्हताच. नैऋत्येकडं घसरला होता. देवळाभोवतीची चार पावलांची फेरी असती तर कुणाच्या लक्षातही आलं नसतं, पण ही अख्ख्या टेकडीची फेरी. घसरण चांगली चाळीस मीटरची. आणि दोनदा घेतलेले आकडे एकसारखे का आले, तेही आता उघड होतं. भाविक माणूस दोन्ही वेळा एकाच ठिकाणाहून मागं फिरला होता. शिवहार ते चित्र पाहत राहिला. त्यानं मागितलेली चूक देवानं त्याच्या पदरात घातली होती, आणि त्याला इतका आनंद झाला, की कुणी शाबासकी दिल्यावरही झाला नसता.

करुणा म्हणाली, बिंदू चाळीस मीटर ईशान्येला सरकवला तर आत्ता बसेल. नरसिंगनं मान हलवली. उत्तर यावं म्हणून आकडा सरकवायचा नाही. उंबरेश्वराला पुन्हा जायचं आणि खरा आकडा आणायचा. आता फेरी पुरी करावी लागणार. त्यानं शिवहारकडं पाहिलं, पण पाट ओलांड असं त्याला सांगवेना.

ते करुणा बोलली. "मामा, मी येते तुमच्यासंगं. पाटापलीकडं मशीन मी नेईन. मला काही अडचण न्हाई."

तिनं ते अगदी मायेनं म्हटलं होतं. पण शिवहार घुटमळला. जे आपल्याच्यानं होत नाही ते दुसऱ्याच्या लेकीकडून करून घ्यायचं, हे त्याला पटेना. आणि तिकडं काका. एका पारड्यात तीर्थाची मर्यादा आणि दुसऱ्यात काकांचं उभ्या जन्माचं काम. तो एवढंच म्हणाला, की तिथं गेल्यावर बघू.

नरसिंगच्या जीपमधून दोघं सकाळी उंबरेश्वराला पोचली. टेकडी म्हणजे उपडं घातलेलं टोपलं, वर पांढरा कळस. खाली पायऱ्यांच्या दाराशी पारुबाई बसलेली, पुजाऱ्याची आई, पुढ्यात बेलाची पानं. हा टाळकरी तिसऱ्यांदा आलेला पाहून तिनं विचारलं, नवस बोललास का काय एवढा? शिवहारनं खाली बसून तिला सगळं सांगितलं. जीपीएस तिला कितपत कळलं कोण जाणे, पण फेरीची अडचण तिला तिथल्या तिथं कळली.

"अर्धी म्हंजी एकाच अंगानं, असं कुनी सांगितलं तुला?" ती म्हणाली. "इकडून जायाचं पाटापोतर, माघारी यायाचं दाराशी. मंग तिकडल्या अंगानं जायाचं पाटापोतर, आन पुन्ना माघारी. देवाला दोन्ही हातानं कवळा घातल्यावानी. वलांडायचं तेवढं न्हाई. महा सासरा तसंच घालायचा."

"मग लोक काहून न्हाई घालत?"

"त्या अंगाला बाभळी मातल्या. काटा कोन काढतो? लोकायनी एक अंग सोडलं, आन तीच रीत झाली."

शिवहार तिच्या पाया पडला. करुणानं बोटानं हवेत वाट काढून पाहिली आणि तिच्या चेहऱ्यावर हळूहळू हसू पसरलं. लांबची बाजू जाताना एकदा, येताना एकदा. जवळची बाजूही जाताना एकदा, येताना एकदा. गोलाचा प्रत्येक तुकडा सारख्याच वेळा चालला जाणार, आणि पाट कुणीच ओलांडणार नाही. तिनं ते शिवहारला सांगितलं. त्याला गणितापेक्षा एवढंच कळलं, की देवानं काकांना आणि तीर्थाला एकमेकांच्या आड येऊ दिलं नाही.

पण काटा होता. पारुबाईनं घरातून कोयता दिला. शिवहार तोडत गेला, करुणा ओढणी कमरेला खोचून काटेरी फांद्या काठीनं बाजूला ओढत गेली. खाली जुनी वाट निघाली, पायांनी गुळगुळीत झालेले दगड बसवलेली. कुणाकुणाचे पाय इथून गेले असतील. पाटापाशी पोचल्यावर शिवहारला पलीकडं आपली नेहमीची थांबायची जागा दिसली. इतकी वर्षं तो तिथून मागं फिरत होता. आज पहिल्यांदाच त्यानं ती ह्या काठावरून पाहिली.

मग त्यानं चपला काढल्या, मशीन चालू केलं आणि निघाला. लांबच्या अंगानं पाटापर्यंत, माघारी. जवळच्या अंगानं पाटापर्यंत, माघारी. करुणा दाराशी पायरीवर बसून होती. पारुबाईनं तिला शेंगा दिल्या आणि माहेर कुठलं, कुणाची गं तू, विचारत बसली. तिसऱ्या खेपेला शिवहारच्या तोंडून आपसूक भजन निघायला लागलं. झोळीत मशीनच्या शेजारी टाळ होते, ते चालण्याच्या तालावर किणकिणत होते. त्याला वाटलं, महाराज कीर्तनात सांगतात ते हेच असावं. मर्यादा पाळून देवाला सगळीकडून भेटता येतं. पाऊल तेवढं दुसऱ्या बाजूनंही टाकावं लागतं.

दुपारी आकडा भरला. करुणानं बटण दाबलं आणि फरक दोन मीटरवर आला. चारही खुंट्यांवर दोन. नरसिंगनं दोन्ही हातांनी टेबलावर मृदंगासारखी थाप मारली. तरी त्यानं शिवहारला दुसऱ्या दिवशी चारीच्या काठानं, तोंडापासून शेवटापर्यंत, मशीन घेऊन चालायला लावलं. पडताळा नको का? ते चालणं नकाशावर ठिपक्या-ठिपक्यांनी उमटलं, आणि ते दाखवायला काकांनाच बोलवायचं ठरलं.

दगडोबाकाका धुतलेलं धोतर नेसून आले. हळदीच्या पोत्यांमधून वाट काढत, शिवहारच्या खांद्यावर हात ठेवून जिना चढले. मागून पंचफुलाबाई, ह्यांना आता पाडून ठेवू नका म्हणत. करुणानं त्यांना आपल्या खुर्चीवर बसवलं, स्क्रीन जवळ ओढली आणि निळी रेघ जाड करून दाखवली. ही तुमची चारी, काका. आणि हे तांबडे ठिपके म्हणजे शिवहारमामा काल चालले ते.

काकांनी नाक जवळजवळ काचेला लावलं. ठिपके निळ्या रेघेला धरून चालले होते. रेघ वळली तिथं वळले, सरळ झाली तिथं सरळ. ओढ्यावरच्या मोरीजवळचं ते अवघड वळणही ठिपक्यांनी घेतलं. काकांचं बोट त्यांच्याबरोबर हळूहळू सरकत गेलं, पार शेवटच्या शेतापर्यंत. खालून हमालांचे आवाज येत होते. करुणानं काकांना शिवहारच्या प्रदक्षिणेची हकीगत सांगितली, तेव्हा ते खुदकन हसले.

"म्हंजी ह्यो पट्टी धरून बी मला असाच फसवत असंल," ते म्हणाले.

"तुमीच हात हलवायचे," शिवहार म्हणाला. "मी आपला सरकायचो."

काकांनी करुणाकडं तोंड फिरवलं. "आता किती ऱ्हायलं?"

"दोन मीटर, काका. ते मशीनचंच असणार. एवढा फरक मशीनमध्ये असतोच."

"न्हाई पोरी," काका म्हणाले. "मशीनवर काहून घालतीस? त्या उन्हात कळस हलतोय का मी हलतोय, हेच कळायचं न्हाई. ते दोन मीटर महे. ऱ्हाऊ दे ते मह्या नावावर."

पंचफुलाबाई म्हणाली, बघा, भाकरीचं कधी असं कबूल केलं नाही. सगळे हसले, काका सगळ्यात जास्त. मग त्यांनी शिवहारला सांगितलं, की ते ठिपके पुन्हा पहिल्यापासून दाखवायला सांग. करुणानं नकाशा चारीच्या तोंडाशी नेला, आणि काकांनी बोट पुन्हा तिथं ठेवलं.